न्यूक्लिअर आणि पार्टिकल फिजिक्स: कोणती पुस्तकं घ्यावीत?

अर्धायुषी

नमस्कार मंडळी.

एम.एस्सी. फिजिक्सचं दुसरं वर्ष सुरू आहे. येत्या सत्रात 'न्यूक्लिअर आणि पार्टिकल फिजिक्स' असा एकच पेपर आहे. दोन विषय एकात कोंबलेत, त्यामुळे सिनिअर मुलांकडून मिळालेल्या झेरॉक्स नोट्समध्ये अल्फा क्षयाला पानंच्या पानं आणि क्वार्कला जेमतेम दीड पान अशी वाटणी आहे. अभ्यासक्रमाखाली संदर्भग्रंथांची भली मोठी यादी दिलीय, पण कुठलं आधी वाचायचं आणि कुठलं नुसतं चाळायचं याचा पत्ता नाही. यादी करणाऱ्याने तरी ती सगळी उघडली असतील का, शंका आहे.

माझी तयारी सांगते. क्वांटम मेकॅनिक्स ग्रिफिथ्सच्या पुस्तकातून केलंय, ते झेपलं आणि आवडलंही. स्पेशल रिलेटिव्हिटी बी.एस्सी.पुरती. फोर-व्हेक्टर (अवकाश आणि काळ एकत्र धरणारा चार घटकांचा सदिश) दिसला की घाम फुटतो. नेट परीक्षाही द्यायची आहे. आणि परीक्षा बाजूला ठेवली तरी हा विषय मला खरंच समजून घ्यायचाय.

एखादं पुस्तक विकत घेता येईल, बाकी ग्रंथालयावर भागवणार. पीडीएफच्या लिंका नकोत, स्क्रीनवर गणित वाचून डोकं दुखतं. जाणकारांनी प्रकाश टाकावा. आणि मला अहोजाहो करू नका, मी इथल्या बऱ्याच जणांच्या मुलांच्या वयाची असेन.

उगाच_एक

वाचनखूण साठवली. आयडी भारी. किती आहे अर्धायुष्य?

अर्धायुषी

@उगाच_एक, परीक्षा जवळ आली की कमी होतं.

सिग्माबाई

अर्धायुष्य, म्हणजे निम्मी केंद्रकं क्षय पावायला लागणारा काळ, बाहेरच्या परिस्थितीवर अवलंबून नसतं. हे उत्तर पेपरात लिहिलंस तर गुण कापेन. :)

शिकवणारीच्या बाजूने लिहिते. पेपरासाठी एस. एन. घोषाल किंवा डी. सी. तयाल, दोघांपैकी एक पुरे. घोषाल जाडजूड आहे पण डेरिव्हेशन मधल्या पायऱ्या न गाळता देतो. तयाल थोडा आटोपशीर. दोन्ही कुठल्याही कॉलेजच्या ग्रंथालयात मिळतात आणि आमच्याकडचे प्रश्न बऱ्याचदा तिथूनच उचललेले असतात, हे उघड गुपित आहे. एस. बी. पटेल यांचं छोटं पुस्तक आहे, विषयाची तोंडओळख करून घ्यायला ते बरं.

नेटचं गणित वेगळं. तिथे हा विषय भाग 'क'च्या अभ्यासक्रमात येतो आणि विचारतात ठरावीक गोष्टी: बंधन ऊर्जा आणि ती काढायचं अर्धप्रायोगिक वस्तुमान सूत्र, शेल मॉडेलवरून स्पिन-पॅरिटी, ड्यूटेरॉन, बीटा आणि गॅमा क्षयाचे निवड नियम, क्वार्कची घडण, गेल-मान-निशिजिमा सूत्र, कुठली प्रक्रिया कुठल्या संवर्धन नियमामुळे बाद होते, आणि रिलेटिव्हिस्टिक कायनेमॅटिक्स. फाइनमन आकृतीवरून क्रॉस-सेक्शन काढा असं तिथे कोणी म्हणत नाही. तेव्हा नेटपुरतं घोषाल आणि जुने पेपर सोडवणं, एवढं पुरतं. बाकीचे आता मोठमोठी नावं सांगतीलच. आधी पास हो.

ट्रॉम्बेकर

बाईंचा मुद्दा परीक्षेपुरता मान्य. पण मुलीने तिसरीही गोष्ट विचारलीय, की विषय समजून घ्यायचाय. त्याबद्दल लिहितो. आयुष्य डिटेक्टरांच्या संगतीत गेलं, त्यामुळे माझं मत एकांगी असेल, ते गृहीत धरून वाच.

पहिली गोष्ट, दोन्ही विषयांना पुरेल असं एकच पुस्तक शोधू नकोस. एका चादरीत दोघांनी झोपलं की कुणाचे तरी पाय उघडे पडतात. अणुकेंद्रात दोनशे-अडीचशे कण एकमेकांना चिकटून बसलेत, त्यांचं समीकरण सरळ सुटत नाही, म्हणून मॉडेलं करावी लागतात. थेंबाचं मॉडेल एका गोष्टीला चालतं, शेल मॉडेल दुसऱ्या. तिथे अंदाज बांधायची नजर लागते. मूलकणांत कण मोजकेच असतात, पण ते प्रकाशाच्या वेगाच्या आसपास पळतात, जन्मतात आणि नाहीसे होतात. तिथे सममिती आणि रिलेटिव्हिटी यांच्याशिवाय पान हलत नाही. १९५० च्या सुमारास हे दोन्ही एकाच घरात नांदत होते, म्हणून अभ्यासक्रमात अजून जोडीने येतात.

न्यूक्लिअरसाठी केनेथ क्रेन, 'इंट्रोडक्टरी न्यूक्लिअर फिजिक्स', १९८७ चं. वायलीची भारतीय पेपरबॅक आवृत्ती मिळते. दुसऱ्याच प्रकरणात क्वांटमची उजळणी आहे, तुला ती चाळली तरी चालेल. क्रेनची खासियत अशी की तो सूत्राच्या शेजारी मोजलेल्या आकड्यांचा आलेख ठेवतो आणि सूत्र कुठे फसतं तेही दाखवतो. वस्तुमान सूत्र काढून झाल्यावर बहुतेक पुस्तकं 'हे प्रयोगाशी चांगलं जुळतं' म्हणून पुढे सरकतात. क्रेनमध्ये ते पुढच्या प्रकरणांत कामाला लागतं.

उदाहरण देतो. युरेनियम-२३५ मंद न्यूट्रॉनने फुटतं, २३८ फुटत नाही. का? नोट्समध्ये 'कारण २३५ फिसाइल (मंद न्यूट्रॉनने फुटणारं) आहे' असलं उत्तर असतं, ते उत्तर नव्हेच. २३५ मध्ये १४३ न्यूट्रॉन आहेत, म्हणजे एक बिनजोडीचा. बाहेरून आलेला न्यूट्रॉन त्याची जोडी पूर्ण करतो आणि जोडी जुळल्याची ऊर्जा हाती येते. तयार झालेलं २३६ सुमारे ६.५ एमईव्हीने (दशलक्ष इलेक्ट्रॉन-व्होल्ट, ऊर्जेचं एकक) उत्तेजित असतं आणि फुटायला लागतात सुमारे ६.२. काम झालं. २३८ मध्ये सगळ्या जोड्या आधीच जुळलेल्या. तिथे न्यूट्रॉन आला की हाती येतात सुमारे ४.८ आणि लागतात ६.६. तूट भरायला न्यूट्रॉननेच वेग घेऊन यायला हवं. तिसऱ्या प्रकरणात शिकलेलं वस्तुमान सूत्रातलं जोडीचं पद तेराव्या प्रकरणात, फिशनमध्ये, असं परत भेटतं. तारापूरच्या १९६९ पासूनच्या पहिल्या दोन अणुभट्ट्यांना समृद्ध, म्हणजे २३५ चं प्रमाण वाढवलेलं, युरेनियम लागतं, त्यामागच्या कारणांचं मूळ याच एक-दोन एमईव्हीत आहे.

क्रेनची सतरावं आणि अठरावं ही मेसॉन आणि मूलकणांची प्रकरणं सोडून दे. तेव्हा टॉप क्वार्क सापडलेला नव्हता, तो सापडला १९९५ ला.

कॅपलानचं पुस्तक यादीत असेलच, सगळ्या याद्यांत असतं. किरणोत्सर्गाचा इतिहास आणि जुने प्रयोग त्यात सुरेख आहेत. पण क्वार्कच्या आधीचं पुस्तक आहे ते. रॉय-निगम सिद्धांताला चांगलं, पहिल्या वाचनाला नको.

तांबडा_रस्सा

काकांशी सहमत. पार्टिकलचं मी घेतो. कोल्हापूरचा गडी, सध्या हॅम्बुर्गात कोलायडरच्या डेटाशी झुंजतोय.

ज्याचं क्वांटम ग्रिफिथ्समधून झालंय त्याने पार्टिकलही ग्रिफिथ्समधूनच करावं. 'इंट्रोडक्शन टू एलिमेंटरी पार्टिकल्स'. दुसरी आवृत्ती बघून घे, २००८ ची, तिच्यात न्यूट्रिनो ऑसिलेशनचं प्रकरण वाढवलंय. हिग्ज, म्हणजे मूलकणांना वस्तुमान मिळण्याशी जोडलेला कण, त्यात अर्थातच शोधायचा राहिलेला आहे, तो ४ जुलै २०१२ ला जाहीर झाला.

पहिलं प्रकरण इतिहासाचं. बसमध्ये वाचता येईल इतकं सोपं. इलेक्ट्रॉनपासून डब्ल्यू-झेड (क्षीण बलाचे वाहक कण) पर्यंत कोण कसं सापडलं, आणि सापडल्यावर लोक कसे गोंधळले. तिसरं प्रकरण तुझ्या फोर-व्हेक्टरच्या घामावर औषध. त्यातलं ते एक गणित करच: प्रोटॉनवर प्रोटॉन आपटून अँटिप्रोटॉन बनवायचाय, तर आदळणाऱ्याला किमान किती गतिज ऊर्जा हवी? साध्या हिशोबाने माणूस दोन प्रोटॉनांचं वस्तुमान म्हणतो. उत्तर येतं सहा. संवेग पण टिकवावा लागतो ना भावा, सगळी ऊर्जा नवे कण करायला वापरता येत नाही. बर्कलीचं बेव्हाट्रॉन हे वेगवर्धक यंत्र हा उंबरठा ओलांडेल असंच बांधलं होतं, आणि १९५५ ला अँटिप्रोटॉन तिथंच सापडला.

सहाव्या प्रकरणात तो एक युक्ती करतो, ती मला दुसऱ्या कुठल्या पुस्तकात इतकी सरळ दिसली नाही. ए, बी, सी नावाचे तीन खोटे कण घेतो, स्पिन नसलेले, आणि त्यांच्यावर फाइनमनचे नियम शिकवतो. स्पिनर, गॅमा मॅट्रिक्स, ट्रेस यांचा गदारोळ नसल्यामुळे आकृतीवरून आकडा कसा निघतो ते स्वच्छ दिसतं. मग सातव्यात खरे इलेक्ट्रॉन आणतो.

एक कटकट आहे. ग्रिफिथ्स गाऊसियन एकक वापरतो आणि एचबार आणि सी सगळीकडे मिरवतो. दुसरं कुठलंही पुस्तक उघडलं की ते दोन्ही १ केलेले असतात. सवय होते.

पुढची पायरी मार्क थॉमसन, 'मॉडर्न पार्टिकल फिजिक्स', केंब्रिज, २०१३. हे हिग्जनंतरचं. इलेक्ट्रॉन-पॉझिट्रॉन जाऊन म्यूऑनची (इलेक्ट्रॉनच्या जड भावाची) जोडी येते, ती प्रक्रिया तो आधी एकेक हेलिसिटी (स्पिन गतीच्या दिशेने की उलटा) घेऊन हाताने सोडवतो, ट्रेसचं यंत्र नंतर. चार पानं जास्त लागतात, पण कोनावरचं अवलंबन कुठून आलं ते डोळ्याला दिसतं. हाच माणूस आता सर्न या युरोपातल्या कणसंशोधन संस्थेचा महासंचालक आहे. पुस्तक महाग आहे, ग्रंथालयाला मागवायला लाव.

हाल्झेन-मार्टिन १९८४ चं. त्यातली प्रोटॉनच्या आत डोकावणारी प्रकरणं, पार्टॉनची, आजही वाचावीत. बाकी थॉमसनने त्याची जागा घेतली.

सिग्माबाई

@तांबडा_रस्सा, एवढं सगळं एका सत्रात? तिला अजून तीन पेपर आहेत, शिवाय प्रोजेक्ट.

तांबडा_रस्सा

मॅडम, सगळं कोण म्हणतंय. पहिलं प्रकरण, तिसरं, चौथ्यातली सममिती, पाचव्यातलं क्वार्कचं. तुमच्या नेटच्या यादीतला पार्टिकलचा भाग यात जवळजवळ सगळा येतो. सहा ते नऊ नंतर, आवड म्हणून.

ट्रॉम्बेकर

एक राहिलं. पार्टिकल डेटा ग्रुपची छोटी पुस्तिका. संकेतस्थळावर फुकट आहे, आणि ही एक पीडीएफ तुला उघडावीच लागेल. प्रत्येक कणाचं वस्तुमान, आयुष्य, तो किती टक्के वेळा कशात मोडतो, सगळं त्यात. ती शेजारी ठेवून ग्रिफिथ्स वाच. सूत्र आलं की आकडे घाल आणि पुस्तिकेत बघ. असं केलं नाहीस तर पार्टिकल फिजिक्स म्हणजे ग्रीक अक्षरांची नावनिशी होऊन बसतं.

ग्रिफिथ्सच्या नवव्या प्रकरणात म्यूऑनचं आयुष्य निघतं. फर्मीचा स्थिरांक (क्षीण बलाची ताकद सांगणारा) वर्ग, म्यूऑनचं वस्तुमान पाचवा घात, भागिले १९२ पायचा घन, हा झाला क्षयाचा दर. त्याचा व्यस्त घेतला की साधारण २.१९ मायक्रोसेकंद. पुस्तिकेत २.१९७.

गणिती_गाढव

काका, आदर ठेवून विचारतो. फर्मी स्थिरांकाची नेमकी किंमत म्यूऑनच्या आयुष्यावरूनच काढतात ना? मग तोच घालून तेच आयुष्य काढलं, यात सिद्ध काय झालं? खिशातले पैसे दुसऱ्या खिशात.

ट्रॉम्बेकर

बरोबर विचारलंस, वाटच बघत होतो कोणी विचारतंय का. म्यूऑनने फक्त आकडेमोडीचा हात बसतो. परीक्षा घ्यायची ती टाऊची.

टाऊ म्हणजे म्यूऑनचाच जड भाऊ. दोघांवर क्षीण बल सारखंच चालतं असं सिद्धांत म्हणतो. मग टाऊ जेव्हा इलेक्ट्रॉन आणि दोन न्यूट्रिनोंत मोडतो, तेव्हा तेच सूत्र लागू व्हायला हवं, फक्त वस्तुमान बदलायचं. पुस्तिकेतून घे: म्यूऑन १०५.६६ एमईव्ही, टाऊ १७७६.९. भागाकार ०.०५९४६. त्याचा पाचवा घात सुमारे ७.४३ गुणिले दहाचा उणे सातवा घात. म्यूऑनच्या आयुष्याने गुण. पण टाऊला मोडायचे इतरही मार्ग आहेत, इलेक्ट्रॉनचा मार्ग तो सुमारे १७.८ टक्के वेळाच घेतो, म्हणून त्यानेही गुण. उत्तर काय येतं ते मी लिहीत नाही.

अर्धायुषी

२९१ फेम्टोसेकंद आलं. पुस्तिकेत २९०.३ आहे!!

कॅल्क्युलेटरवर पाचवा घात काढला फक्त. एकही इंटिग्रल नाही. हे आम्हाला वर्गात का नाही दाखवत?

गणिती_गाढव

हे मान्य. खिसा बदलला नाही, माणूसच बदलला.

सिग्माबाई

मी दाखवीन यंदा. दहा मिनिटांचं काम आहे.

बरं, प्रॅक्टिकलचं कोणीच बोललं नाही. ग्लेन नॉल, 'रेडिएशन डिटेक्शन अँड मेझरमेंट'. विकत घेऊ नकोस, ग्रंथालयातून प्रकरणापुरतं आण. सिंटिलेशन काउंटरवर सीझियम-१३७ लावलास की स्क्रीनवर ६६२ केईव्हीला (हजार इलेक्ट्रॉन-व्होल्टना) टोकदार शिखर दिसतं आणि त्याच्या डावीकडे एक पसरट उतार, जो ४७७ च्या आसपास एकदम खाली कोसळतो. मुलं शिखर मोजतात, जर्नल पूर्ण करतात, उतार 'नॉइज' म्हणून सोडून देतात. तो नॉइज नाही. गॅमा इलेक्ट्रॉनवर आदळून सरळ मागे फिरला की इलेक्ट्रॉनला जास्तीत जास्त जेवढी ऊर्जा देऊ शकतो, तिथे हा कडा येतो. कॉम्प्टनच्या सूत्रात १८० अंश घाल, ४७७ येतात. उरलेले १८५ केईव्ही घेऊन गॅमा डिटेक्टरच्या बाहेर निसटलेला असतो. त्याच आकड्याच्या जवळपास एक बुटका उंचवटा दिसतो, तो आजूबाजूच्या शिशावरून आणि टेबलावरून मागे परतलेल्या गॅमांचं. तोंडी परीक्षेत बाहेरून आलेले परीक्षक याच दोन जागी बोट ठेवतात.

ट्रॉम्बेकर

नॉलबद्दल दुजोरा. विल्यम लिओचं प्रयोगतंत्राचं पुस्तकही चांगलं, जास्त हाताशी धरून शिकवतं. जीएम (गायगर-म्यूलर) काउंटरच्या आलेखात प्लॅटो, म्हणजे सपाट भाग, का येतो, डेड टाइमची दुरुस्ती कशी करायची, केबल कुठली लावायची, असल्या गोष्टी सिद्धांताच्या पुस्तकात मिळत नाहीत.

पुस्तकी_किडा

मी बँकेतला माणूस, माझं गणित व्याजापर्यंत. पण या विषयावरचं सोप्या भाषेतलं बरंच वाचलंय, म्हणून माझेही दोन पैसे.

फाइनमनचं 'क्यूईडी' सगळ्यात वर. १९८५ चं, चार व्याख्यानं. एकही अवघड समीकरण न घालता, नुसते छोटे बाण फिरवत आणि जोडत, प्रकाश आरशावरून असाच का परततो ते सांगतो. सोपं करताना खोटं सांगत नाही, हे विशेष.

स्टीव्हन वाईनबर्गचं 'द डिस्कव्हरी ऑफ सबअ‍ॅटॉमिक पार्टिकल्स' अर्धायुषीने वाचावंच. इलेक्ट्रॉन, प्रोटॉन, न्यूट्रॉन एवढेच कण, पण ते नेमके कसे सापडले ते हिशोबासकट. जे. जे. थॉमसनने वापरलेल्या नळीतले आकडे घेऊन तो उत्तर काढून दाखवतो.

अब्राहम पेस यांचं 'इनवर्ड बाउंड' हे जाड आहे आणि मला अर्धंच कळलं. रिचर्ड ऱ्होड्सचं अणुबाँबवरचं मात्र कादंबरीसारखं वाचलं. १९८८ चं पुलित्झर मिळालंय त्याला. न्यूक्लिअर फिजिक्सचा १९३० च्या दशकातला प्रवास त्यात इतका तपशिलात आहे, की लिझे माइट्नर आणि तिचा भाचा फ्रिश बर्फात चालता चालता युरेनियम फुटल्याचा हिशोब कागदाच्या चिटोऱ्यावर मांडतात, ते वाचताना मलाही तो हिशोब कळला.

उगाच_एक

आणि देवकण, म्हणजे तो हिग्ज? त्याच्याशिवाय हा धागा अपुरा.

तांबडा_रस्सा

आला का! लेडरमनचं 'द गॉड पार्टिकल', १९९३. पुस्तक मजेशीर आहे, माणूस नोबेलवाला आणि पक्का विनोदी. प्रकाशकाने मला 'गॉडडॅम पार्टिकल' म्हणू दिलं नाही असं त्याने स्वतःच त्यात लिहिलंय. त्या नावापायी आमच्या गावाकडं अजून लोक मला विचारतात, देव सापडला का. हिग्ज सापडायच्या आधी जवळजवळ वीस वर्षांचं पुस्तक आहे हे ध्यानात ठेवून वाच.

कातळशिल्प

सगळी नावं परदेशी. आपल्याकडच्या कामावर काही?

ट्रॉम्बेकर

रास्त प्रश्न. पाठ्यपुस्तकांत दोन ठिकाणी आपल्याकडचं काम यायला हवं, आणि बहुतेकदा तळटिपेतही येत नाही.

एक, बिभा चौधुरी. देवेंद्र मोहन बोस यांच्याबरोबर त्यांनी दार्जिलिंगच्या उंचीवर फोटोच्या प्लेट वैश्विक किरणांत ठेवल्या आणि कणांच्या वाटा वाचून त्यांचं वस्तुमान काढायची पद्धत वापरली. त्यांचे निबंध १९४१ च्या आसपास 'नेचर'मध्ये आले. युद्धामुळे त्यांना जास्त संवेदनशील प्लेट मिळाल्या नाहीत. पुढे ब्रिस्टलमध्ये पॉवेल यांच्या गटाने चांगल्या प्लेट वापरून १९४७ ला पायॉन हा मेसॉन पक्का केला, पॉवेलना १९५० चं नोबेल मिळालं. बिभाबाई १९४९ ला टीआयएफआरमध्ये (टाटा मूलभूत संशोधन संस्थेत) रुजू झाल्या, तिथल्या पहिल्या महिला संशोधक. राजिंदर सिंग आणि सुप्रकाश रॉय यांचं त्यांच्यावर इंग्रजीत चरित्र आहे, २०१८ चं. ग्रिफिथ्सच्या पहिल्या प्रकरणातला मेसॉनचा भाग वाचलास की लगेच ते वाच, एकाच गोष्टीची दुसरी बाजू दिसते.

दुसरं, कोलारची सोन्याची खाण. दोन किलोमीटरहून जास्त खोल. टीआयएफआर, ओसाका आणि डरहॅम यांच्या गटाने १९६५ ला तिथे वातावरणातल्या न्यूट्रिनोंच्या खुणा टिपल्या, आणि त्याच सुमारास दक्षिण आफ्रिकेतल्या खाणीत राइनेस यांच्या गटानेही. इतकं खोल जायचं कारण साधं. जमिनीवर तळहाताएवढ्या जागेतून मिनिटाला शंभराच्या आसपास म्यूऑन जातात, त्या गर्दीत न्यूट्रिनोने केलेला एखादा म्यूऑन ओळखायचा कसा? वरचा दगड गाळणीचं काम करतो. पर्किन्सच्या 'इंट्रोडक्शन टू हाय एनर्जी फिजिक्स'मध्ये अशा प्रयोगांचा विचार कसा करायचा ते छान कळतं. पर्किन्स स्वतः इमल्शनवाले, म्हणजे त्या फोटोच्या प्लेटवाले. २००० ची चौथी आवृत्ती मिळाली तर घे, जुनी मिळाली तरी टाकून देऊ नकोस.

पुस्तकी_किडा

मराठीत वाचायचं तर विश्वकोशातली 'मूलकण' ही नोंद आंतरजालावर फुकट आहे. जुनी आहे पण ज्याने लिहिली त्याला विषय कळलेला होता. अच्युत गोडबोले यांचं 'किमयागार' शास्त्रज्ञांच्या गोष्टींसाठी. याच विषयाचं पाठ्यपुस्तक म्हणावं असं मराठीत मला तरी वाचायला मिळालेलं नाही. कोणी लिहिणार असेल तर पहिली प्रत माझी.

अर्धायुषी

सगळ्यांचे मनापासून आभार. क्रेन ग्रंथालयात निघाला, कार्डावर शेवटची तारीख बरीच जुनी आहे. ग्रिफिथ्स विकत घेतेय. घोषाल हॉस्टेलवर मैत्रिणीकडे आहे, म्हणजे बाईंच्या शिस्तीतही बसते.

लगेच अडलेच. वस्तुमान सूत्रातलं जोडीचं पद आमच्या नोट्समध्ये १२ भागिले वस्तुमानांकाचं वर्गमूळ असं आहे. क्रेनमध्ये ३४, आणि घात उणे तीन चतुर्थांश. दोघांतलं खरं कुठलं? पेपरात कुठलं लिहू?

ट्रॉम्बेकर

आकडे घालून बघ. लोखंड-५६ ला एकाने येतं १.६० एमईव्ही, दुसऱ्याने १.६६. फरक मोजण्यासारखा नाही. युरेनियम-२३६ ला पहिल्याने ०.७८, दुसऱ्याने ०.५६. तिथे फरक दिसतो, पण एकूण बंधन ऊर्जा जवळजवळ १८०० एमईव्ही असते, त्यात हे कुठेच नाही. घात कुठल्या पक्क्या सिद्धांतातून आलेला नाही, मोजलेल्या वस्तुमानांना सूत्र बसवताना कोणी कसं बसवलं त्यावर तो ठरतो. पथ्य एकच. पाचही स्थिरांक एकाच पुस्तकातले घे. घनफळाचा इथून, जोडीचा तिथून असं केलंस तर उत्तर हमखास घसरतं.

सिग्माबाई

पेपरात जो स्थिरांक दिलाय तो. दिला नसेल तर वर्गमूळवालं लिही आणि शेजारी किंमत लिही, तपासणाऱ्याला कळतं.

आणि क्रेनचा क्रम: तीन, चार, पाच, सहा, मग आठ, नऊ, दहा. सातवं डिटेक्टरचं, ते प्रॅक्टिकलच्या आठवड्यात. अकरा आणि तेरा दिवाळीनंतर.

तांबडा_रस्सा

ग्रिफिथ्स हातात आला की एक गृहपाठ. पायॉन म्यूऑनमध्ये मोडतो किंवा इलेक्ट्रॉनमध्ये. इलेक्ट्रॉन हलका, म्हणजे तिकडे ऊर्जा जास्त मोकळी होते, मग इलेक्ट्रॉनच जास्त वेळा यायला हवा की नाही? प्रत्यक्षात दहा हजारांत एखादाच येतो. का?

अर्धायुषी

स्पिनमुळे? पायॉनचा स्पिन शून्य, म्हणून दोघांचे स्पिन उलटे हवेत... आणि न्यूट्रिनो डावखुराच असतो...

तांबडा_रस्सा

निम्मं आलं. उरलेलं नवव्या प्रकरणात. आधी स्वतः काढ. तिथल्या सूत्राने गुणोत्तर १.२८ गुणिले दहाचा उणे चौथा घात येतं, पुस्तिकेत १.२३ आहे. तो चार टक्क्यांचा फरक कुठून आला हे विचारायला परत धाग्यावर ये.